‘माझे मेसेज दिरांनी वाचले, आता कोणतं अॅप घेऊ?’

नाशिकच्या एका वाचक ताईंचं पत्र आहे. ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत. ताई 44 वर्षांच्या. नवरा आणि दीर मिळून दिंडोरी रोडला ठिबक सिंचनाच्या साहित्याचं दुकान चालवतात. बिलं आणि हिशेब ताईंकडे. घर एकत्र. पुण्याला असलेल्या धाकट्या बहिणीशी व्हॉट्सअॅपवर त्यांचं रोज बोलणं होतं. इंदिरानगरला दोन खोल्या भाड्याने घेऊन वेगळं राहावं, हा विचार त्यांनी तिलाच लिहिला होता. सासूबाईंच्या गुडघ्याच्या ऑपरेशनचा खर्च कोणी किती उचलला, यावरची चिडचिडही तिच्यापाशीच ओकली होती. मागच्या महिन्यात रात्रीच्या जेवणाला दीर सगळ्यांदेखत म्हणाले, “वहिनींना आईचा खर्च जड झालाय. इंदिरानगरला दोन खोल्या बघणं चाललंय म्हणे.” शब्द जवळपास त्यांचेच होते. इंजिनिअरिंगला असलेला भाचा म्हणतो की व्हॉट्सअॅप हॅक झालंय, सिग्नल नाहीतर टेलिग्राम घे आणि चोर पकडायला एक खोटा मेसेज टाकून बघ. नवरा म्हणतो, “लपवण्यासारखं काही नसेल तर कुलूप कशाला? चोराच्या मनात चांदणं.” ताई विचारतात: खरंच सुरक्षित अॅप कोणतं? नवऱ्यापासून असं काही झाकून ठेवणं म्हणजे विश्वासघात का? आणि दिरांना जाब विचारू का?

ताई,

तुमच्या पत्रात अॅपविषयी चार ओळी आहेत आणि त्या रात्रीच्या जेवणाविषयी दीड पान. तरी आधी अॅपचंच बघू, कारण तिथला गुंता सोपा आहे.

भाच्याचं निदान मला पटलं नाही. व्हॉट्सअॅपचा मेसेज वाटेत वाचणं हे दिंडोरी रोडच्या दुकानात बसून जमण्यासारखं काम नाही. एप्रिल 2016 पासून तिथले खाजगी मेसेज, फोटो आणि कॉल एंड-टू-एंड एन्क्रिप्टेड असतात. तुम्ही पाठवायचं बटण दाबलं की मजकुराची तुमच्या फोनमध्येच न वाचता येणारी गिचमिड होते आणि ती उलगडायची किल्ली पलीकडच्या फोनमध्येच असते. मधला सर्व्हर, मोबाईल कंपनी, घरच्या वायफायवर बसलेला माणूस, कुणालाही त्यातून काही कळत नाही. किल्लीसुद्धा मेसेजगणिक बदलत जाते, त्यामुळे एखादी कुणाच्या हाती लागली तरी मागचे मेसेज तिने उघडत नाहीत. आणि गंमत म्हणजे हे करायची व्हॉट्सअॅपची पद्धत सिग्नलवाल्या मंडळींनीच तयार केलेली आहे. भाचा ज्या तंत्रासाठी अॅप बदलायला सांगतोय, ते तुमच्या फोनमध्ये कित्येक वर्षं चालू आहे.

मग मेसेज फुटला कसा? नाशिकरोडच्या प्रेसमधून नोटा कडक बंदोबस्तात बाहेर पडतात, पण सीबीएस स्टँडवर बसमध्ये चढताना आपल्या पर्समधून पाचशेची नोट गेली तर आपण प्रेसच्या पहाऱ्याला दोष देत नाही. एन्क्रिप्शनचा पहारा असाच वाटेपुरता असतो. दोन्ही टोकांना मजकूर वाचता येणारच, नाहीतर तो पाठवायचा कशाला? आणि टोक म्हणजे फक्त तुमचा फोन नव्हे. तुम्ही स्वतः जोडलेलं प्रत्येक यंत्र हे तुमचंच टोक धरलं जातं.

तुमच्या पत्रात एक वाक्य तुम्ही जाता जाता लिहून गेला आहात. द्राक्षांच्या ऑक्टोबर छाटणीच्या गर्दीत शेतकरी ठिबकच्या नळ्यांचे, फिटिंगचे फोटो तुमच्या नंबरवर पाठवायला लागले, म्हणून तुम्ही दुकानातल्या कॉम्प्युटरवर व्हॉट्सअॅप ‘चालू करून घेतलं’. ते परत कधी बंद केलं, हे पत्रात नाही. मला वाटतं, ते केलेलंच नाही.

आत्ता फोन हातात घ्या. व्हॉट्सअॅप उघडा, वरच्या तीन टिंबांवर बोट ठेवा आणि ‘लिंक्ड डिव्हायसेस’मध्ये जा. तिथे यादी दिसेल. ‘विंडोज’ किंवा ‘गूगल क्रोम’ असं नाव आणि त्याखाली ते शेवटचं केव्हा वापरलं गेलं ती वेळ. फोनखेरीज अशी चार यंत्रं जोडता येतात. पूर्वी कॉम्प्युटरवरचं व्हॉट्सअॅप फोन चालू असेल तरच चालायचं. आता तसं राहिलेलं नाही. तुमचा फोन बंद असो, तुम्ही त्र्यंबकला गेलेल्या असा, कॉम्प्युटरवर मेसेज येतच राहतात. फोन सलग 14 दिवस वापरलाच नाही तर जोडलेली यंत्रं आपोआप तुटतात, पण फोन रोज वापरणाऱ्या माणसाला त्याचा काय उपयोग? तुम्ही दुपारी जेवायला घरी जाता तेव्हा गल्ल्यावर दीर असतात, असं तुम्हीच लिहिलं आहे. त्या यादीतली वेळ दुपारी दोन-अडीचची निघाली तर खोटा मेसेज टाकायची गरजच उरत नाही. तसाही तो प्रकार करू नका. जाळ्यात दिराऐवजी सासूबाई सापडल्या तर निस्तरायचं कुणी?

दिरांना संशयाचा फायदा द्यायचा का, याचाही मी विचार केला. कॉम्प्युटरवर मेसेज आला की पडद्याच्या कोपऱ्यात एक चौकोन उमटतो आणि त्यात पहिली ओळ दिसते. समोर गिऱ्हाईक उभं असताना, न वाचायचं ठरवलं तरी डोळा जातोच. पण तुमच्या म्हणण्याप्रमाणे ऑपरेशनचं वाक्य एका आठवड्यातलं आणि खोल्यांचं त्याच्या पुढच्या आठवड्यातलं होतं, आणि दोन्ही तुम्ही बहिणीला लिहिलेली. तो चौकोन समोरून आलेल्या मेसेजचा असतो, आपण पाठवलेल्याचा नसतो. तुमची वाक्यं वाचायला चॅट उघडावं लागतं आणि वर सरकवत जावं लागतं. तेव्हा नजर चुकून गेली, हे इथे बसत नाही.

यादीतल्या प्रत्येक नावावर जाऊन ‘लॉग आउट’ करा. त्या कॉम्प्युटरवरच्या ‘डाउनलोड्स’ फोल्डरमध्ये उतरलेले फोटो आणि पीडीएफ मात्र तसेच राहतात, ते वेगळे बघावे लागतील. मग दुकानासाठी एक नवं सिमकार्ड घ्या आणि त्यावर व्हॉट्सअॅप बिझनेस सुरू करा. ते फुकट आहे आणि एकाच फोनवर तुमच्या नेहमीच्या व्हॉट्सअॅपशेजारी चालतं. गिऱ्हाइकांना तो नंबर द्या, तोच कॉम्प्युटरला जोडा. तो सगळ्यांनी वाचावा, वाचायलाच हवा. धंद्याचा आणि घरचा नंबर एकच ठेवणं ही आपल्याकडच्या छोट्या दुकानांची जुनी खोड आहे आणि त्यात नेहमी घरच्या बाईचाच नंबर सार्वजनिक होतो, हे माझं जुनं दुखणं. असो.

कॉम्प्युटर निर्दोष निघाला तर? मग फोनकडे वळा. सेटिंगमध्ये किती बोटांचे ठसे नोंदवलेले आहेत ते बघा. नवा फोन सुरू करून देताना पुतण्याने किंवा मुलाने आपलं बोट ‘टेस्टिंगला’ ठेवलेलं असतं आणि ते तसंच राहतं. पॅटर्न असेल तर तो घरात सगळ्यांना पाठ असतो. काचेवर त्याची रेघसुद्धा दिसते. सहा आकडी पिन बरा. फोन लॉक असताना मेसेजचा मजकूर पडद्यावर दिसू नये, ही सोय नोटिफिकेशनच्या सेटिंगमध्ये आहे. व्हॉट्सअॅपमध्ये 2023 पासून एखादंच चॅट कुलूपबंद करता येतं. त्याला वेगळा गुप्त कोड दिला तर कुलूपबंद चॅटचा कप्पाही यादीत दिसेनासा करता येतो. बहिणीचं चॅट त्यात टाका. आणि ‘टू-स्टेप व्हेरिफिकेशन’चा सहा आकडी पिन लावून ठेवा, म्हणजे तुमचा नंबर दुसऱ्या फोनवर कुणी सुरू करू पाहिला तर नुसत्या ओटीपीवर काम भागत नाही.

बॅकअप ही गोष्ट हमखास विसरली जाते. व्हॉट्सअॅप रोज रात्री तुमच्या गप्पांची प्रत गूगलच्या खात्यात ठेवत असेल, तर ती प्रत एंड-टू-एंड संरक्षणात आपोआप येत नाही. बॅकअपलाही ते संरक्षण द्यायची सोय 2021 मध्ये आली, पण ती आपणहून चालू करावी लागते. चॅट बॅकअपच्या सेटिंगमध्ये ती सापडेल. पासवर्ड मागेल, तो कागदावर लिहून दागिन्यांच्या डब्यात ठेवा. पासवर्ड हरवला तर ती प्रत व्हॉट्सअॅपलाही उघडून देता येत नाही.

आता भाच्याच्या यादीकडे. टेलिग्राम आधी बाजूला काढा. बऱ्याच जणांची समजूत आहे की ते जास्त गुप्त आहे. त्याचं नेहमीचं चॅट एंड-टू-एंड नसतंच, ते कंपनीच्या सर्व्हरवर राहतं. त्यासाठी ‘सीक्रेट चॅट’ मुद्दाम वेगळं सुरू करावं लागतं आणि ग्रुपला तेही मिळत नाही. तुमच्या कामासाठी टेलिग्राम घेणं म्हणजे आगीतून फुफाट्यात. त्याच्या यादीत जीबी व्हॉट्सअॅप किंवा तसलं काही ‘जास्त फीचरवालं’ असेल तर ते फोनवर येऊ देऊ नका. ते परक्या कुणीतरी बदललेलं अॅप असतं आणि आपण त्याला आपली सगळी चॅट आपल्या हाताने देतो.

सिग्नल खरोखर चांगलं आहे. ते एक ना-नफा संस्था चालवते, त्यात जाहिराती नाहीत, आणि कोण कुणाशी केव्हा बोललं याची नोंदही ते जवळजवळ ठेवत नाहीत. 2016 मध्ये अमेरिकेत सरकारी वकिलांनी एका तपासात खात्यांची माहिती मागितली, तेव्हा सिग्नलकडे द्यायला दोनच गोष्टी निघाल्या: खातं कधी उघडलं आणि शेवटचं कधी वापरलं. व्हॉट्सअॅपला तुमचा मजकूर कळत नसला तरी तुम्ही कुणाशी आणि केव्हा बोलता हे कळू शकतं. पत्रकाराला, वकिलाला, कंपनीतला गैरव्यवहार बाहेर काढणाऱ्या माणसाला हा फरक फार मोठा. तुमचं तसं नाही. तुम्ही बहिणीशी बोलता हे घरात सगळ्यांना ठाऊकच आहे. शिवाय सिग्नलही कॉम्प्युटरवर चालतं. उद्या तेही दुकानात जोडलंत तर पुन्हा पहिले पाढे पंचावन्न. हवं असेल तर घ्या, माझी हरकत नाही. फक्त दोघींनाही घ्यावं लागेल आणि सगळ्या नातेवाइकांत तुमच्याच फोनवर ते निळं चिन्ह दिसलं की घरात त्याचीच चर्चा होईल, एवढं धरून चाला.

आपोआप पुसले जाणारे मेसेज हा आणखी एक पर्याय. व्हॉट्सअॅपमध्ये 24 तास, 7 दिवस किंवा 90 दिवस ठेवता येतात. मनातली मळमळ लिहायला सात दिवसांची मुदत बरी. पण ऑपरेशनचा खर्च कुणी किती दिला, हे ज्या मेसेजमध्ये आहे ते पुसू नका. उद्या वाटणीची बोलणी निघाली तर तेच तुमच्या कामी येतील. आणि एकदा लिहिलेलं पुन्हा कधी समोर येणारच नाही, या भरवशावरही राहू नका. नवरा-बायकोंच्या खटल्यात जोडीदाराने गुपचूप केलेलं कॉल रेकॉर्डिंगसुद्धा पुरावा म्हणून चालू शकतं, असा निकाल सुप्रीम कोर्टाने जुलै 2025 मध्ये दिला आहे.

आता जेवणाचं. ‘लपवण्यासारखं काही नसेल तर कुलूप कशाला’ हे वाक्य ऐकायला बिनतोड वाटतं. पण तुमचे यजमान सीएशी बोलताना केबिनचं दार लोटून घेतात. दुकानाच्या खात्याचा पिन धाकट्या भावालाही माहीत नाही, असं तुम्हीच लिहिलं आहे. त्यांच्या मनातही चांदणं आहे असं कुणी म्हणत नाही. बहिणीपाशी सासरचा राग काढणं हा गुन्हा नव्हे. पूर्वी हे माहेरपणाला गेल्यावर माजघरात व्हायचं आणि त्याची प्रत कुठे राहत नसे. आता ते लिहून होतं, एवढाच बदल. खाजगीपणा हा मूलभूत हक्क आहे, हे सुप्रीम कोर्टाच्या नऊ न्यायाधीशांनी 2017 मध्ये सांगितलं. तो निकाल मुख्यतः नागरिक आणि सरकार यांच्यातला आहे, जेवणाच्या पानावर वाचून दाखवायचा नाही, हे मलाही कळतं. तरी बाईला स्वतःचं असं काही असू नये हे गृहीतच धरायचं कशासाठी?

इथवर मी तुमच्या बाजूने आहे. पण तुम्ही विश्वासघाताविषयी विचारलंत, म्हणून सांगते. यजमान त्या रात्री गप्प राहिले, दुसऱ्या दिवशी चिडले, आणि तुम्हाला वाटलं की ते भावाची बाजू घेतायत. मला ते पत्रावरून तसं दिसत नाही. बायकोला वेगळं राहायचंय हे त्यांना भावाच्या तोंडून, आईसमोर, भाकरी मोडता मोडता कळलं. बहिणीला माहीत, तिच्या नवऱ्याला बहुधा माहीत, आणि ज्याला घर सोडायचं त्याला माहीत नाही. कुलूप आणि चांदणं हे सगळं त्यावरून आलेलं असावं. खोल्यांचा विचार तुम्ही त्यांना अजूनही स्वतःच्या तोंडाने सांगितलेला नाही. पत्रात तसं कुठेच नाही, मी दोनदा शोधलं. तो सांगा. घरात नको. सोमेश्वरला जा, नाहीतर मिसळ खायला म्हणून बाहेर पडा आणि गाडीत बोला. बहिणीशी काय बोलता हे दाखवायची गरज नाही. घराविषयी काय वाटतं ते सांगायची आहे. ते नाही म्हणतील, कदाचित चिडतील. पण ते नाही तुमच्यासमोर म्हटलेलं असेल.

हे बोलणं आधी, फोनची कुलुपं नंतर. उलट केलंत तर प्रत्येक नवं कुलूप त्यांना आपल्याविरुद्ध लावलेलं वाटेल. दुकानातलं लॉग आउट तेवढं आजच करा, त्याला कुणाची परवानगी नको.

आणि भाऊजी? जाब विचारा, पण भांडणाचा घाट घालू नका. यजमान समोर असताना एवढंच म्हणा: “भाऊजी, दुकानातल्या कॉम्प्युटरवर माझं व्हॉट्सअॅप चालू राहिलं होतं, ते मी बंद केलंय. दुकानासाठी हा नवा नंबर.” वाचलं का, का वाचलं, हे विचारूच नका. विचारलंत की ते ‘उघडं होतं म्हणून दिसलं’ म्हणतील आणि वाद उघडं कुणी ठेवलं यावर जाईल. त्यात तुम्ही हराल. उघडं दार म्हणजे आत यायचं आमंत्रण नव्हे, हे त्यांनाही कळतं. तुम्ही नुसतं दार लावलंत तरी त्यांना बोध होईल.

तुमचं पत्र वाचून ज्या दुसऱ्या काही जणींना आपलं घर आठवेल, त्यांच्यातल्या एका गटाला मात्र मी वेगळं सांगेन. ज्यांचा नवरा फोन रोज तपासतो, पासवर्ड मागतो, नाही दिला तर हात उगारतो, त्यांनी वरचं काही एका झटक्यात करू नये. अचानक लॉग आउट केलेलं, नवं कुलूप लावलेलं त्याला लगेच कळतं आणि राग त्यावरच निघतो. अशा वेळी आपल्या फोनला हात न लावता, विश्वासातल्या मैत्रिणीच्या किंवा कामाच्या ठिकाणच्या फोनवरून मदत मागावी. महिला हेल्पलाइनचा नंबर 181 आहे, जिवावर बेतलं तर 112. फोनमध्ये आपण न टाकलेलं एखादं अॅप सापडलं तरी ते घाईने काढू नये, आधी फोटो काढून कुणाला तरी दाखवावं.

तुमच्याबाबतीत ती वेळ नाही, असं पत्रावरून वाटतं. तसं नसेल तर मला पुन्हा लिहा, दुसऱ्या फोनवरून.

राहता राहिली बहीण. तिचा फोन संध्याकाळभर तिच्या मुलाकडे गेम खेळायला असतो, असं तुम्ही सहज लिहिलं आहे. तो मुलगा सुट्टीत नाशिकला येतो आणि तुमच्या पुतण्याशी त्याचं चांगलं गूळपीठ आहे. तुमच्याकडची यादी रिकामी निघाली तर मी पहिली शंका तिथे घेईन. तिलाही तिच्या फोनची लिंक्ड डिव्हायसेसची यादी बघायला सांगा आणि तुमचं चॅट कुलूपबंद करायला सांगा. हे मेसेजवर लिहू नका, फोन करून सांगा.